उरलेल्या जागेवर रेघ कुणाची?

गेल्या जूनमध्ये आमच्या मंडळाने वस्तीतल्या मुलामुलींसाठी शिष्यवृत्तीचा एक अर्ज छापला. रक्कम फार मोठी नव्हती. वह्या, परीक्षा शुल्क आणि बसच्या पासापुरते पैसे वर्गणीतून जमले होते. अर्ज आमच्या एका साथीने संगणकावर जुळवला. पोरगा अभियांत्रिकीला आहे, वर्डमध्ये काम करणे त्याला कमीपणाचे वाटते, म्हणून त्याने तो लेटेकमध्ये केला. दिसायला सुबक झाला. प्रत्येक ओळीत आधी प्रश्न आणि मग उजव्या समासापर्यंत सरळ बारीक रेघ. आम्ही खूश झालो आणि दोनशे प्रती काढल्या.

रविवारी विहारात अर्ज वाटायला घेतले तेव्हा नामांतराच्या लढ्यात लाठ्या खाल्लेले आमचे एक ज्येष्ठ कार्यकर्ते चष्मा वर सरकवून कागद बघत बसले. बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "पोरांनो, जातीला एवढी हातभर रेघ आणि शिक्षणाला बोटभर?"

आम्ही पाहिले तर खरेच तसे होते. 'जात' या शब्दापुढची रेघ अर्जातली सर्वांत लांब रेघ होती. 'सध्या शिकत असलेल्या अभ्यासक्रमाचे नाव, वर्ष व महाविद्यालय' यापुढे जेमतेम दोन शब्द मावतील एवढीच रेघ उरली होती. साथी गडबडला. म्हणाला, "काका, ते मी नाही केलं. मी फक्त आज्ञा देतो, ओळीत जेवढी जागा उरते तेवढी रेघ यंत्र आपोआप ओढतं. प्रश्न छोटा असला की रेघ लांब होते."

काकांनी एवढेच विचारले, "मग प्रश्न कुणी ठरवले?"

त्या दिवसापासून ही आडवी रेघ आमच्या डोक्यातून गेली नाही. मित्रहो, हा लेख त्या रेघेच्या इतिहासाबद्दल आहे. छापील कागदावर मजकूर संपल्यावर उरलेली जागा कोण भरतो, ती रेघ जागा बंद करण्यासाठी असते की उघडी ठेवण्यासाठी, आणि आपल्या माणसांचा तिच्याशी काय संबंध आला, हे आम्ही थोडे शोधून पाहिले.

आधी त्या पोराच्या बाजूने बोलू, कारण तांत्रिक दृष्ट्या तो खरे सांगत होता. लेटेकच्या पोटात 'टेक' नावाची प्रणाली आहे. ती डोनाल्ड क्नूथ या अमेरिकन संगणकशास्त्रज्ञाने केली. १९७७ मध्ये त्याच्या 'द आर्ट ऑफ कॉम्प्युटर प्रोग्रॅमिंग' या ग्रंथाच्या दुसऱ्या खंडाची नवी आवृत्ती निघत होती. आधीची आवृत्ती शिशाच्या खिळ्यांनी जुळवलेली होती, नवी मुद्रिते छायाक्षर जुळणीची आली आणि ती त्याला इतकी कुरूप वाटली की पुस्तक बाजूला ठेवून त्याने अक्षरजुळणीची प्रणालीच लिहायला घेतली. पुढे ती सर्वांना विनामूल्य खुली केली. १९८०च्या दशकात लेस्ली लॅम्पोर्टने तिच्यावर लेटेक उभे केले. आज जगभरचे गणिताचे आणि विज्ञानाचे शोधनिबंध त्यात जुळवले जातात.

टेकमध्ये दोन शब्दांमधली जागा ही नुसती पोकळी नसते. क्नूथ तिला 'ग्लू' म्हणजे डिंक म्हणतो, पण स्प्रिंग म्हटले असते तर जास्त बरोबर झाले असते हे त्याने स्वतःच कबूल केले आहे. तिची एक मूळ लांबी असते, ती किती ताणेल आणि किती आकसेल याचे मोजमाप असते. काही जागा कितीही ताणता येतात. ओळीत अशी एक जागा ठेवली की उरलेले सगळे अंतर ती एकटी खाऊन टाकते. ती जागा कोरी ठेवायची की कशाने भरायची हे सांगण्यासाठी 'लीडर्स' नावाची सोय आहे. ठिपक्यांनी भरली की पुस्तकाच्या अनुक्रमणिकेत प्रकरणाच्या नावापासून पानाच्या आकड्यापर्यंत धावणारी ठिपक्यांची रांग मिळते. रेघेने भरली की 'एचरूलफिल' ही आमच्या साथीने वापरलेली आज्ञा तयार होते. रेघेची जाडी ०.४ पॉइंट, म्हणजे इंचाचा सुमारे एकशेऐंशीवा भाग. एकाच ओळीत ही आज्ञा दोनदा दिली, उदाहरणार्थ 'तालुका' आणि 'जिल्हा' यांच्यापुढे, तर उरलेली जागा ती दोघांत अगदी समसमान वाटते. यंत्राकडे पक्षपात नाही. पण जे उरले तेच ते वाटते. काय उरावे हे आधीच कुणीतरी ठरवलेले असते, आणि ते ठरवणाऱ्याचे नाव कागदावर कुठेही नसते.

शिशाच्या खिळ्यांच्या काळात ही गोष्ट अधिक उघड दिसायची. तेव्हा छापखान्यात कोरी जागा हीसुद्धा एक वस्तू होती. शिसे, अँटिमनी आणि कथील यांच्या मिश्रधातूचे अक्षरांपेक्षा बुटके तुकडे असत, त्यांना क्वाड म्हणत. ओळ संपली तरी जुळारी तिथे थांबू शकत नसे. उरलेल्या जागेत हे तुकडे घट्ट बसवल्याशिवाय ओळ हातातून निसटून पडे. रेघ पाहिजे असेल तर पितळेची पट्टी बरोबर त्या मापाची कापून बसवायची. म्हणजे पानावर आपल्याला जे रिकामे दिसते ते भरायलाही धातू, मजुरी आणि पैसा लागे.

त्या पैशाचा आणि जागेचा प्रश्न आपल्या चळवळीला पहिल्याच पावलाला भेटला. ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' निघाला. त्याची जाहिरात 'केसरी'ने छापायला नकार दिला, तीही रोख पैसे मोजायची तयारी असताना. पान भरून जागा होती, पण ती आपल्यासाठी 'उरलेली' नव्हती. पुढे ३ एप्रिल १९२७ पासून 'बहिष्कृत भारत' सुरू झाला. त्याचे चोवीस-चोवीस रकाने एकट्या संपादकाला लिहून काढावे लागत, असे बाबासाहेबांनी स्वतः लिहून ठेवले आहे. त्या पानांचे फोटो आज मोबाइलवर फिरतात, तेव्हा आपण मजकूर वाचतो. एकदा नुसते रकान्यांकडे आणि त्यांच्यामधल्या उभ्या रेघांकडे बघा. ज्यांना गावच्या पाणवठ्यावर वीतभर जागा नव्हती त्यांच्यासाठी एका माणसाने महिनोन्महिने भरलेली ती जागा आहे.

आता थोडे मागे जाऊ. युरोपात सुट्या अक्षरांनी छपाई सुरू झाली तेव्हा पहिले काय छापले गेले? सगळे सांगतात, गुटेनबर्गचे बायबल. पण तारीख असलेले जे सर्वांत जुने छापील कागद हाती आहेत ते पापमुक्तीचे दाखले आहेत, १४५४ आणि १४५५ सालचे. सायप्रसच्या संरक्षणासाठी पैसा गोळा करायला पोपच्या नावाने ते विकले गेले. मजकूर सगळा छापील, फक्त घेणाऱ्याचे नाव आणि तारीख यांच्यासाठी जागा कोरी. पैसे द्या, नाव लिहून घ्या, पाप माफ! म्हणजे छापखान्याच्या जन्मापासूनच कोरी जागा सोडलेला फॉर्म त्याच्या सोबत आहे, आणि पहिला फॉर्म धर्माच्या दुकानाचा आहे. भटजीच्या पोथीत 'अमुक गोत्राचा अमुक' म्हणून यजमानाचे नाव घालायला जागा असते तिची आम्हाला इथे आठवण झाली. मंत्र पक्का, गिऱ्हाईक बदलते.

आपल्याकडे कारभाराचा कागद छापील नव्हता, मोडीतला होता. मोडी लिहिणारा आधी बोरूने कागदाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत आडवी रेघ ओढायचा आणि मग तिच्याखाली अक्षरे लटकवत जायचा. देवनागरीसारखी शब्दाशब्दाला तुटणारी शिरोरेघ तिथे नाही. शब्दांमध्ये जागाही सोडत नसत. त्यामुळे भरलेल्या ओळीच्या मध्ये नंतर एखादा शब्द घुसडणे सोपे नव्हते. आमच्या समजुतीप्रमाणे वेगाने लिहिता येणे हा तिचा हेतू होता, पण राखण हाही तिचा उपयोग झाला.

मजकूर संपला की खालच्या जागेची राखण शिक्का करी. शिवकालीन पत्रांच्या शेवटी 'मर्यादेयं विराजते' ही मुद्रा दिसते. लिखाणाची मर्यादा इथे आहे, यापुढे या कागदात काही नाही, असा तिचा अर्थ. तिलाच मोर्तब म्हणत. आपण आजही 'शिक्कामोर्तब झाले' म्हणतो ते याच मोर्तबावरून. लांब कागद एकाला एक चिकटवलेले असतील तर सांध्यावरही शिक्का मारत, म्हणजे मधला तुकडा कुणी बदलू नये. राज्याला आपल्या कागदावरच्या उरलेल्या जागेची किती काळजी होती हे यावरून कळते.

(हा विषय निघाला म्हणून सांगतो. भारतीय संविधानाच्या मूळ हस्तलिखित प्रतीवर सह्यांचे पान आहे. तिथे शेवटची ओळ आणि नेहरूंची सही यांच्या मधल्या चिंचोळ्या पट्टीत डॉ. राजेंद्र प्रसादांची सही तिरकी करून बसवलेली दिसते. संविधान सभेच्या अध्यक्षालाही जागा शोधावी लागली. आमच्या अभ्यासवर्गात हे पान दाखवले की पोरे हसतात आणि मग लक्ष देऊन ऐकतात.)

राज्याकडे मोर्तब होते. रयतेकडे काय होते? गावच्या महजरावर साक्षीला गावची माणसे बसत. कुलकर्णी अक्षरांत लिही. पाटील नांगराचे चित्र काढी, त्याला नांगराची निशाणी म्हणत. इतर लोक आपापल्या कामाच्या हत्याराची खूण करीत. गावाच्या शिवेचा वाद असेल तर महाराची साक्ष मोलाची धरली जाई, कारण शीव त्याच्या पायाखालची होती. पण त्याने तोंडाने जे सांगितले ते कागदावर तसेच उतरले की नाही, हे त्याला वाचता येत नव्हते. निशाणी माणूस ओळखायला पुरेशी आहे. निशाणीच्या वर काय लिहिले आहे त्याची ती हमी देऊ शकत नाही. अक्षरबंदी नेमकी इथे कामाला येते. ज्या समाजाला शतकानुशतके लिहू-वाचू दिले नाही, त्याची खूण मात्र प्रत्येक कागदावर हवी होती!

इंग्रजांनी निशाणीच्या जागी पंजा आणला. २८ जुलै १८५८ रोजी बंगालमधल्या जंगीपूर इथे विल्यम हर्शेल या अधिकाऱ्याने राज्यधर कोनाई या कंत्राटदाराकडून रस्त्याच्या सामानाच्या करारावर हाताचा ठसा घेतला. उद्देश एवढाच की, पुढे 'ही सही माझी नाही' असे त्याने म्हणू नये. १८७७ मध्ये हुगळीला दस्त नोंदणीत त्याने बोटांचे ठसे सुरू केले. तिथून पुढचा अंगठ्याचा प्रवास आपण आपल्या आजोबांच्या कागदांवर पाहिला आहे. या सगळ्या शोधात संशयाचे बोट कुणाकडे आहे ते पाहा. ठसा देणारा खोटे बोलेल म्हणून एवढी तजवीज. वरचा मजकूर लिहिणारा खोटे लिहील, याची कुणाला चिंता नव्हती.

ती चिंता दक्षिणेतल्या शेतकऱ्यांना होती. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी लोक सावकारांच्या घरांवर चालून गेले आणि दंगे पुणे-नगर भागात पसरले. त्या दंग्यांत रक्तपात फार थोडा झाला. लोकांनी मागितले ते कर्जरोखे, आणि मिळाले तिथे जाळले. शाळेच्या पुस्तकात याला 'दख्खनचे दंगे' म्हणून दोन ओळींत उरकतात. आमच्या मते हा कागदाविरुद्धचा उठाव होता. ज्या कागदावर आपला अंगठा आहे पण ज्यातले एक अक्षरही आपले नाही, तो कागद नष्ट करण्याखेरीज निरक्षर माणसाकडे दुसरा उपाय काय होता? जोतीरावांनी १८६९ मध्येच 'ब्राह्मणांचे कसब' लिहून लेखणी ज्यांच्या हातात आहे त्यांचे कसब उघडे केले होते, आणि दंग्यांनंतर 'शेतकऱ्याचा असूड' आला. रात्रशाळा काढणाऱ्या जोतीरावांना रोखा जाळून प्रश्न संपत नाही हे माहीत होते. रोखा वाचता आला पाहिजे.

सरकारलाही थोडे कळले. १८७९च्या दख्खन कृषक साहाय्य कायद्यात गावोगावी निबंधक नेमण्याची तरतूद झाली आणि शेतकऱ्याचा रोखा त्याच्यासमोर लिहिल्याशिवाय ग्राह्य धरू नये असे ठरले. म्हणजे सावकाराने लिहायचे आणि कुळाने अंगठा द्यायचा, या व्यवहारात तिसरा माणूस उभा केला. पण हे संरक्षण शेतकऱ्याला होते. ज्याच्या नावावर जमीनच नाही, जो बलुत्यावर आणि सालावर राबतो, तो या कायद्यात कुठे बसतो? वेठबिगारीचा करार मुळातून रद्द करणारा केंद्राचा कायदा यायला १९७६ साल उजाडावे लागले.

आता कायद्यातली एक जोडी सांगतो. तरुण कार्यकर्त्यांनी ही पाठच करावी. १८८१चा परक्राम्य संलेख कायदा, म्हणजे चेक आणि वचनचिठ्ठीचा कायदा, याचे कलम २० असे आहे: मुद्रांकित कोऱ्या किंवा अर्धवट कागदावर सही करून तो दुसऱ्याच्या हाती दिला, तर तो पूर्ण करण्याचा अधिकार प्रथमदर्शनी त्या दुसऱ्याला मिळतो, मर्यादा एवढीच की तो मुद्रांक जेवढ्या रकमेला पुरतो त्याच्यावर जायचे नाही. आणि १९०८च्या नोंदणी कायद्याचे कलम २० असे आहे: दस्तात ओळींमध्ये घुसवलेला मजकूर, कोरी जागा, खाडाखोड किंवा बदल दिसला आणि त्यावर करून देणाऱ्याची सही नसेल, तर नोंदणी अधिकारी तो दस्त स्वीकारायला नकार देऊ शकतो.

कलमाचा आकडा दोन्हीकडे तोच, पण कोऱ्या जागेकडे बघण्याची नजर उलटी. घर-जमिनीच्या नोंदणीत कोरी जागा हा दोष आहे. उधारीच्या कागदात तीच कोरी जागा धनकोचा अधिकार आहे. आता आपल्या वस्तीत घर-जमिनीचे दस्त किती होतात आणि उधारीचे कागद किती होतात? उत्तर तुम्हाला ठाऊक आहे. २०१९ मध्ये बीर सिंग विरुद्ध मुकेश कुमार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, देण्यापोटी स्वखुशीने सही करून दिलेल्या कोऱ्या चेकवरही कायद्याचे गृहीतक लागू होते. म्हणजे देणे नव्हते हे ठोस पुराव्याने दाखवण्याचा भार सही करणाऱ्यावर येतो. कायद्याच्या तर्काने हे बरोबर असेल. पण 'स्वखुशीने' या शब्दाचा अर्थ घरात आजारी माणूस असताना काय होतो, हे वस्तीत काम करणाऱ्याला विचारा.

आम्हाला तो दोन वर्षांपूर्वी कळला. आमच्या वस्तीतल्या एका आजीने बचत गटाच्या बायकांसोबत एका खासगी कर्ज देणाऱ्याकडून नातीच्या दवाखान्यासाठी पैसे उचलले. कागदांचा गठ्ठा होता, अंगठे भराभर घेतले. आजी सांगतात, "लेका, मी वरच्या पानाला बघितलं, तिथं नुसत्या रेघा होत्या. मी म्हटलं, रेघाच हायेत, काय भ्यायचं?" चार महिन्यांनी हप्त्याचा हिशेब निघाला तेव्हा रेघांवर आकडे होते आणि ते आजींच्या हाती आलेल्या पैशांपेक्षा जास्त होते. आम्ही कागदांच्या प्रती मागितल्या. मिळाल्या त्या दुसऱ्या महिन्यात, त्याही अपुऱ्या. शेवटी गटातल्या सगळ्या बायका एकत्र जाऊन बसल्या तेव्हा काही रक्कम कमी झाली. सगळी झाली नाही. आजी अजून ते फेडतात.

'रेघाच हायेत' हे वाक्य आम्ही विसरू शकत नाही. समाजशास्त्राच्या वर्गात आम्ही सत्ता, दस्तऐवज आणि नोकरशाही यांवर बरेच वाचले होते. पण रेघ म्हणजे रिकामे नव्हे, रेघ म्हणजे दुसऱ्यासाठी राखून ठेवलेली जागा, हे आजींनी शिकवले.

म्हणूनच चेकवर रक्कम लिहिल्यावर 'फक्त' लिहून पुढे हाताने रेघ ओढतात. तीच आडवी रेघ, तीच उरलेली जागा, पण काम अगदी उलटे. छापील फॉर्मवरची रेघ म्हणते, इथे लिहा. हाताने ओढलेली रेघ म्हणते, आता इथे कुणी लिहायचे नाही. पहिली रेघ छापणाऱ्याची असते, दुसरी सही करणाऱ्याची. ती दुसरी रेघ ओढण्याचा हक्क आपल्याला आहे, हे आपल्या किती बायाबापड्यांना कुणी सांगितले?

आता परत काकांच्या प्रश्नाकडे येऊ, कारण तो अजून सुटलेला नाही. 'जात' या शब्दापुढे रेघ कुठून आली?

१८३४ पासून मळ्यांवर राबायला हिंदुस्थानातून गिरमिटिया मजूर मॉरिशसला नेले गेले, पुढे त्रिनिदाद, नाताळ, फिजी अशा वसाहतींकडे. कलकत्त्याहून निघालेल्या मजुरांच्या पासांचे नमुने पाहिले तर छापील फॉर्मवर नाव, बापाचे नाव, वय, जिल्हा, ठाणे, गाव आणि जात यांच्यासाठी जागा दिसते. समुद्र ओलांडला की जात बुडते असे शास्त्र सांगत होते. फॉर्मने ती बोटीत बरोबर चढवली. इकडे शिरगणतीचे तक्ते आले. १९३१ पर्यंत त्यांत सर्वच जातींची मोजणी झाली. बाबासाहेबांनी त्या आकड्यांचा आपल्या बाजूने उपयोग केला, हेही विसरू नका. अस्पृश्यांची संख्याच नाकारण्याचा डाव प्रांतोप्रांती खेळला गेला, तेव्हा मोजले जाणे हेच राजकारण होते. म्हणून 'फॉर्मवरून जात काढून टाका' हे सवर्णांच्या तोंडचे सोपे वाक्य आम्हाला मान्य नाही. ज्यांची जात रेघेवर न लिहिताही आडनावातून भांडवल मिळवून देते, त्यांना रेघ पुसणे परवडते.

पण आपली अडचण निराळी आहे. १४ ऑक्टोबर १९५६ ला आपण ती रेघ ओलांडली. आणि १९५०चा अनुसूचित जातींचा आदेश म्हणत होता की, हिंदूखेरीज दुसऱ्या धर्माचा माणूस अनुसूचित जातीचा मानला जाणार नाही. शिखांसाठी तो १९५६ मध्ये बदलला, बौद्धांसाठी बदलायला १९९० उजाडले. मधल्या चौतीस वर्षांत कित्येक घरांत एका फॉर्मवर बौद्ध आणि दुसऱ्यावर हिंदू असे दोन जन्म लिहिले गेले. लेखणी हातात होती, लिहिताही येत होते, तरी रेघेवर काय लिहावे हे रेघ ओढणाऱ्यानेच ठरवले होते. आजही जनगणना जवळ आली की आपल्यात वाद पेटतो: धर्म बौद्ध लिहायचा हे ठरलेले, पण जातीच्या रकान्यात काय? आमचे मत सांगतो, पटले नाही तर भांडा. सरकारी कागदावर कायद्याने जे मागितले आहे ते लिहावे, कारण तो हक्काचा हिशेब आहे, ओळखीचा नव्हे. आपल्या स्वतःच्या कागदावर मात्र आपण तो प्रश्न सवयीने छापू नये.

आणि आम्ही सवयीनेच छापला होता. खोलात गेल्यावर कळले की साथीने कुठल्या तरी शाळेच्या जुन्या प्रवेश अर्जावरून प्रश्नांची यादी जशीच्या तशी उतरवली होती. ती यादी आम्ही पाच जणांनी वाचली होती. पाचही जण पदवीधर, पाचही जण विहारात बावीस प्रतिज्ञा म्हणणारे. एकाच्याही डोळ्याला ते खुपले नाही. वर्गणीतून दिलेल्या मदतीला जातीचा रकाना कशाला हवा होता, हे आम्हाला अजून सांगता आलेले नाही.

राहिलेल्या प्रती आम्ही वापरल्या नाहीत. काकांनी त्यांच्या पाठीमागे बैठकीचे इतिवृत्त लिहायला सांगितले, कागद वाया जाऊ नये म्हणून. नव्या अर्जात जातीचा प्रश्न नाही. जिथे सरकारी योजनेशी जोडायचे आहे तिथे वेगळ्या पानावर प्रमाणपत्राचा क्रमांक मागितला आहे आणि त्यापुढे मोजून चार सेंटिमीटरची रेघ आहे. यंत्राने उरलेली जागा भरायची नाही, माप आम्ही द्यायचे, एवढे आता साथी शिकला आहे. अभ्यासक्रमाचा प्रश्न स्वतंत्र ओळीत आहे आणि त्याखाली समासापासून समासापर्यंत पूर्ण रेघ आहे. 'पुढे काय शिकायचे आहे' या प्रश्नाला पाच रेघा दिल्या. एका मुलीने त्या पाचही भरल्या आणि मागच्या बाजूला आणखी लिहिले.

दर रविवारी सकाळी दहा ते बारा विहारात कागद वाचून देण्याचे काम आम्ही सुरू ठेवले आहे. आजी येतात. अक्षरे अजून पूर्ण येत नाहीत, आकडे येतात. गटाच्या कागदावर अंगठा द्यायच्या आधी त्या पिशवीतून नातीची लाकडी पट्टी काढतात, जिथे जिथे जागा कोरी आहे तिथे पेनाने आडवी रेघ मारतात, आणि समोरच्या साहेबाला म्हणतात, "आता वाचा."